हाजिरजामीन, आणि नाशिकचे अडतीस आरोपी

जुन्या घराण्यांचीं दप्तरें पाहणारास ठाऊक आहे कीं, रुमाल सोडल्यावर प्रथम हात जातो तो सनदांकडे, मग निवाडपत्रांकडे, मग वंशावळींकडे. तळाशीं वीत-दीड वीत लांबीचे, शिक्का नसलेले, घाईनें लिहिलेले कागद उरतात. ते बहुधा तसेच पुनः बांधले जातात, किंवा वाळवीच्या स्वाधीन होतात. या कागदांत एक जात जामीनकतब्यांची असते. अमक्याचा मी जामीन, तो बोलावल्या वेळीं हजर न झाला तर त्याचा जबाब मी करीन, एवढाच त्यांचा आशय. त्यांत पराक्रम नाहीं, इनाम नाहीं, कुळाचा मोठेपणा नाहीं. त्यामुळें संग्राहकांचें लक्ष त्यांजकडे गेलें नाहीं यांत नवल नाहीं. परंतु ज्यावर आरोप आला आहे पण शाबीत झाला नाहीं, अशा मनुष्यास किती दिवस व कोणत्या अटीवर अडकवून ठेवावें, हा प्रश्न आपल्याकडे पूर्वीं कसा सोडवीत, हें कळण्यास निवाडपत्रांपेक्षांहि हे क्षुद्र कागद अधिक उपयोगी आहेत, असें आमचें मत झालें आहे. तें मत सकारण मांडावें, आणि त्याच्या उजेडांत १९०९-१० सालच्या नाशिकच्या खटल्यांतील आरोपींच्या कैदेकडे पाहावें, असा या लेखाचा हेतु आहे.

प्रथम शब्दाविषयीं. जामीन, हाजिर आणि कतबा हे तिन्ही शब्द अरबी, मुचलका तुर्की. मुसलमानी अमलांत ते दक्षिणेंत रूढ झाले आणि मराठी राज्यांत तसेच चालू राहिले. आज आपण "जामीन मिळाला" असें म्हणतों. जुन्या कागदांत जामीन कोणास मिळत नाहीं. तो राहतो, होतो, दिला-घेतला जातो. कारण त्या काळीं जामीन म्हणजे कोर्टाची सवलत नसून एक हाडामांसाचा मनुष्य होता. मोल्सवर्थच्या कोशांत (पहिली आवृत्ति १८३१, दुसरी १८५७) या मनुष्याचे प्रकार सांपडतात. मनुष्यास हजर करण्याची हमी घेणारा तो हाजिरजामीन. पैशाची हमी घेणारा तो मालजामीन. पुढील वर्तणुकीची हमी घेणारा तो फेलजामीन. जामिनाचाहि जामीन असे, त्यास आडजामीन म्हणत. आणि एका जमावांतील प्रत्येकानें दुसऱ्याचें जामीन राहावयाचें, अशी सांखळी केली म्हणजे तो सांखळीजामीन. एका व्यवहाराला भाषेनें एवढे शब्द घडविले, यावरून तो व्यवहार रोजच्या राबत्यांतला होता हें उघड आहे.

हे शब्द परके असले तरी वस्तु परकी नव्हे. संस्कृतांत जामिनास प्रतिभू म्हणतात. प्रति म्हणजे ऐवजीं, आणि भू म्हणजे असणारा. एकाच्या जागीं दुसरा उभा राहणें हा अर्थ त्या शब्दाच्या पोटांतच आहे. अमरकोशांत प्रतिभूला लग्नक असा दुसरा पर्याय दिला आहे. गंमत अशी कीं, अमरसिंहानें हे दोन शब्द द्यूतकाराच्या शब्दांच्या शेजारीं बसविले आहेत. शाळेंत अमर पाठ करवून घेतांना आम्ही हा शेजार विद्यार्थ्यांच्या नजरेस आणून देत असूं. जामीन राहणें हाहि एक डावच आहे, हें कोशकारास ठाऊक असावें. कीं ही नुसती छंदाची सोय, हें ज्यानें त्यानें ठरवावें.

धर्मशास्त्रांत प्रतिभूचा विचार दोन ठिकाणीं येतो. याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायांत आरंभींच सांगितलें आहे कीं, निर्णयाचें कार्य पार पाडण्यास समर्थ असा प्रतिभू वादी व प्रतिवादी या दोघांकडूनहि घ्यावा. पुढें ऋणादानाच्या प्रकरणांत प्रतिभूचे तीन प्रकार येतात: दर्शनासाठीं, म्हणजे मनुष्यास समक्ष हजर करण्यासाठीं, प्रत्ययासाठीं, म्हणजे हा विश्वासू आहे अशी ग्वाही देण्यासाठीं, आणि दानासाठीं, म्हणजे त्यानें न दिल्यास आपण देण्यासाठीं. यांपैकीं तिसऱ्याचें ओझें प्रतिभू मेल्यावर त्याच्या पुत्रांवर पडतें. पहिल्या दोहोंचें पडत नाहीं. हा भेद मार्मिक आहे. मनुष्यास हजर करण्याचें वचन हें वचन देणाराच्या ओळखीवर व वजनावर उभें असतें, आणि ओळख व वजन वारसानें उतरत नाहीं.

हा दर्शनप्रतिभू मुख्यतः ऋणाच्या व्यवहारांतला आहे, चोरी-खुनाच्या प्रकरणांतला नव्हे, अशी शंका कोणी घेईल. शंका योग्य आहे. परंतु दर्शनप्रतिभूची कल्पना, म्हणजे मनुष्य पळणार नाहीं याची हमी दुसऱ्या मनुष्यानें घेणें, हीच पुढील हाजिरजामिनाची कल्पना आहे, आणि हाजिरजामीन देण्याघेण्याच्या व्यवहारापुरता कधींच राहिला नाहीं. शास्त्रकारांनीं या प्रतिभूवर दयाहि दाखविली आहे. ज्याच्यासाठीं तो उभा राहिला तो नाहींसा झाला, तर त्याचा शोध करण्यास तीन पक्षांपर्यंत मुदत द्यावी, असें कात्यायनाचें वचन आहे. कात्यायनाची मूळ स्मृति लुप्त झाली आहे. निबंधकारांनीं उद्धृत केलेलीं तिचीं वचनें म. म. पां. वा. काणे यांनीं १९३३ सालीं एकत्र करून प्रसिद्ध केलीं, तेव्हांपासून तीं अभ्यासकांस एके ठिकाणीं पाहावयास मिळतात.

याच कात्यायनाचें दुसरें एक वचन विज्ञानेश्वरानें मिताक्षरेंत घेतलें आहे, आणि तें आमच्या विषयाच्या गाभ्याचें आहे. ज्या पक्षकारास प्रतिभू मिळत नाहीं, त्याचें काय करावें? त्यास राखणींत ठेवावें, आणि दिवसाच्या अखेरीस राखणदाराचें वेतन त्यानेंच द्यावें. येथें दोन गोष्टी ध्यानांत येतात. एक, अटकाव हा जामिनाला पर्याय म्हणून येतो, आरोपाचें फळ म्हणून नव्हे. दुसरी, या अटकावाचा हिशेब दिवसावारीं चालतो. मराठी कागदांत "मसाला" म्हणून जी बाब दिसते, म्हणजे पक्षकारास आणण्यासाठीं पाठविलेल्या प्याद्याचा खर्च त्याच पक्षकाराच्या माथीं बसविणें, ती आम्हांस या भृत्यवेतनाची नात्यांतली वाटते. ज्याच्या दारीं मसाला चढत जातो, त्याला जामीन शोधण्याची घाई आपोआप होते. परंतु ज्यास जामीनहि नाहीं व मसाल्यास पैसाहि नाहीं, त्याची गति काय, यावर शास्त्र मौन धरतें. हें मौन लहान नव्हे. पुढें त्याची आठवण होईल.

कौटिल्यानें या मौनाच्या आसपास कांहीं लिहिलें आहे. अर्थशास्त्राची पोथी म्हैसूर येथें शामशास्त्री यांस मिळून १९०९ सालीं ती छापून निघाली. म्हणजे नाशकांत पुढील हकीकत घडली त्याच सालीं. त्या ग्रंथाच्या कंटकशोधन अधिकरणांत चारक आणि बंधनागार असे दोन निराळे शब्द येतात. चारकांत अभियुक्त, म्हणजे ज्यावर दावा वा आरोप आहे तो; बंधनागार हें त्याहून निराळें व अधिक कडक. चारकांतून अभियुक्तास सोडून देणाऱ्या अधिकाऱ्यास मध्यम साहसाचा दंड, बंधनागारांतून सोडणाऱ्यास सर्वस्वहरण व वध. शिक्षेंतील या अंतरावरूनच दोन जागांतील भेद स्पष्ट होतो. शिवाय अटकेंतील मनुष्याचें निजणें, बसणें, जेवणें, मलमूत्रोत्सर्ग वा हिंडणेंफिरणें अडविणाऱ्यास तीन पणांपासून चढत्या भांजणीनें दंड सांगितला आहे. आणि संशयितास तीन रात्री उलटून गेल्यावर धरूं नये, कारण मग विचारपूस फलद्रूप होत नाहीं, मात्र गुन्ह्याचें साधन त्याजपाशीं सांपडल्यास गोष्ट निराळी, असेंहि एक सूत्र आहे. कौटिल्य कोमल अंतःकरणाचा होता असें कोणी म्हणणार नाहीं. त्याच प्रकरणांत तो छळाचे प्रकारहि मोजून सांगतो. पण आरोपी व अपराधी यांस एका कोठडींत कोंडणें हें त्यालाहि अव्यवस्थेचें लक्षण वाटलें.

आतां मराठी अमलाकडे वळूं. डॉ. वि. त्र्यं. गुणे यांनीं मराठ्यांच्या न्यायपद्धतीवर १९५३ सालीं जो ग्रंथ प्रसिद्ध केला, त्यांत निवाड्याच्या पायऱ्या कागदपत्रांवरून दाखविल्या आहेत. दोन्ही पक्षांच्या तकरिरी होत. मग पंचांचा निर्णय मान्य करूं असा राजीनामा. मग त्याप्रमाणें वर्तूं याबद्दल जामीन व जामीनकतबा. मग साक्षीपुरावा, प्रसंगीं दिव्य. मग महजर वा निवाडपत्र. हरलेल्याकडून येजितखत, आणि हरकी-गुन्हेगारीच्या रकमा. याज्ञवल्क्यानें आरंभींच दोघांकडून प्रतिभू घ्यावा असें सांगितलें, तोच हा क्रम. मधल्या शतकांत भाषा बदलली, राज्यें बदललीं, कागद आला. जामीन आपल्या जागीं राहिला.

जामीनकतब्याच्या तळाशीं पाहावें. लिहिणारा बहुधा गांवचा कुळकर्णी. जामीन राहणारा पाटील, शेट्या, सोयरा किंवा त्याच पेठेंतला कोणी. ज्यास लिहितां येत नाहीं तो निशाणी करतो: कुणब्याचा नांगर, वाण्याचा तराजू, सुताराचें वा सोनाराचें आपापलें हत्यार. या निशाण्या म्हणजे त्या मनुष्याची पत. सरकारास त्याची मिळकत किती, हें फारसें विचारावें लागत नसे. तो कोण, आणि त्याच्या शब्दावर तो मनुष्य परत येईल काय, एवढेंच विचारावयाचें. नाशिकसारख्या क्षेत्राच्या ठिकाणीं, जेथें साऱ्या मुलुखांतून यात्रेकरू येतात आणि ज्यांच्या पिढ्यांचीं नांवें तीर्थोपाध्यायांच्या वह्यांत नोंदलेलीं असतात, तेथें अमका कोण, कोठला, कोणाचा, हें सांगणारा मनुष्य व कागद दोन्ही मिळणें इतर गांवांपेक्षां सोपें होतें.

या चित्रास सोनेरी चौकट घालण्याचा आमचा विचार नाहीं. ज्याचा गांव त्याच्या बाजूला नाहीं, त्यास जामीन कोठून मिळावा? परका, वाटसरू, जातीनें बाहेर ठेवलेला, ज्याचें पाटलाशीं वांकडें तो, हे सारे या व्यवस्थेच्या बाहेरच राहत. भिल्ल-रामोशांसारख्या जमातींवर सांखळीजामीन लादला जाई. त्यांत एकाच्या अपराधासाठीं निरपराध्यानें जबाबदार व्हावें हाच हेतु होता. राजकीय संशयितांस तर गडावर चढविलें कीं कित्येकदां त्यांचें नांवहि दप्तरांतून मावळे. तरीसुद्धां साधारण आरोपीपुरतें बोलावयाचें तर, जुन्या पद्धतीचा पहिला प्रश्न "हा बोलावल्या दिवशीं येईल काय, आणि तसें कोण म्हणतो?" हा होता.

हा प्रश्न कसा मागें पडला, याची सुरुवात नाशिक जिल्ह्यांतच एका प्रसंगानें दाखवितां येते. गंगाधरशास्त्री पटवर्धन यांचा १८१५ च्या जुलैंत पंढरपुरास खून झाल्यावर त्रिंबकजी डेंगळे यांस इंग्रजांच्या स्वाधीन करण्यांत आलें व ठाण्याच्या किल्ल्यांत ठेवण्यांत आलें. सप्टेंबर १८१६ मध्यें ते तेथून निसटले. पुढें १८१७ च्या मे महिन्यांत एल्फिन्स्टननें दुसऱ्या बाजीरावाकडे मागणी केली कीं, त्रिंबकजीस महिन्याच्या आंत हजर करावें, आणि तोंवर सिंहगड, पुरंदर व रायगड हे किल्ले तारण म्हणून द्यावे. एका मनुष्याच्या हजेरीसाठीं तीन किल्ले! मराठ्यांच्या इतिहासांत याहून भारी हाजिरजामीन घेतला गेल्याचें आमच्या वाचनांत नाहीं. पेशवाई बुडाल्यावर १८१८ च्या जूनमध्यें निफाडजवळ अहिरगांवीं त्रिंबकजी सांपडले. त्यांस चुनारगडावर पाठविलें. तेथेंच १८२९ सालीं ते वारले. अकरा वर्षांच्या त्या कैदेंत त्यांच्यावर खटला असा चाललाच नाहीं. त्रिंबकजी निर्दोष होते असें आमचें म्हणणें नाहीं. दोषी होते असें कोणत्याहि न्यायासनानें म्हटलें नाहीं, एवढेंच नमूद करावयाचें आहे.

अशा कैदेस पुढें कायद्याचें रूप आलें. मुंबई इलाख्यांत १८२७ चें पंचविसावें रेग्युलेशन हें त्याचें साधन. त्याखालीं सरकारास वाटेल त्यास आरोपावांचून अटकेंत ठेवतां येई. आणि दुसऱ्या बाजूस फौजदारी कामाचे कायदे झाले: १८६१, १८७२, १८८२ व १८९८. यांत गुन्ह्यांचे दोन वर्ग पडले, जामीन घेण्याजोगे व न घेण्याजोगे. पहिल्या वर्गांत आरोपीस जामिनावर सुटण्याचा हक्क. दुसऱ्यांत अधिकाऱ्याची मर्जी, आणि आरोपी दोषी असल्याचें मानण्यास सबळ कारण दिसत असल्यास ती मर्जीहि नाहीं. १८९८ च्या कायद्याच्या ४९७ व्या कलमांत हा प्रतिबंध अशा कोणत्याहि गुन्ह्यास लागू होता. हायकोर्टास मात्र ४९८ व्या कलमानें मोकळा अधिकार ठेवला होता. म्हणजे जुना पहिला प्रश्न दुसऱ्या जागीं गेला, आणि "आरोप केवढा व खरा दिसतो काय?" हा प्रश्न पुढें आला. पण खरा दिसतो काय, हें खटल्यापूर्वींच ठरवावयाचें, तर खटला कशाला, ही अडचण त्या कलमाच्या शब्दांत शिरून बसली.

ती अडचण १८९७ व १९०८ सालीं लोकमान्य टिळकांच्या दोन अर्जांत उघडी पडली. राजद्रोहाच्या आरोपावरून टिळकांस २७ जुलै १८९७ रोजीं मुंबईस पकडलें. जामिनाचा अर्ज प्रथम मॅजिस्ट्रेटनें व मग हायकोर्टाच्या दोन न्यायाधीशांनीं नाकारला. सेशन कमिट झाल्यावर तो पुनः न्या. बद्रुद्दीन तय्यबजी यांच्यापुढें आला. टिळकांच्या बाजूनें बॅरिस्टर दिनशा दावर यांनीं भाषण केलें. तय्यबजींनीं ऑगस्टच्या आरंभीं जामीन मंजूर केला. आरोपी खटल्यास हजर राहील काय, हा त्यांनीं मुख्य प्रश्न मानला. आणि जामीन न दिला, व पुढें मनुष्य निर्दोष ठरला, तर मधल्या कैदेनें न्यायाचाच घात होईल, हें त्यांनीं जाणलें. प्रतिभूविषयक एकहि वचन न उच्चारतां तय्यबजी दर्शनप्रतिभूच्या तत्त्वाशीं येऊन पोहोंचले. टिळक सप्टेंबरांत कोर्टापुढें उभे राहिले, त्यांस शिक्षा झाली, ती गोष्ट वेगळी. ज्या आठवड्यांत टिळकांस पकडलें त्याच आठवड्यांत पुण्याच्या नातू बंधूंसहि पकडलें होतें. पण तें १८२७ च्या रेग्युलेशनखालीं. त्यांच्यावर आरोपच नव्हता. म्हणून जामिनाचा प्रश्नहि नव्हता. त्यांची सुटका व्हावयास १८९९ साल उजाडावें लागलें.

अकरा वर्षांनीं टिळक पुनः अटकेंत आले. २४ जून १९०८ रोजीं त्यांस मुंबईस पकडलें. या वेळीं त्यांच्या वतीनें जामिनासाठीं उभे राहिले बॅ. महंमदअल्ली जीना, आणि न्यायासनावर होते तेच दावर. पूर्वीं ज्या मुद्द्यांवर दावरांनीं जामीन मिळविला, ते मुद्दे त्यांच्यापुढें मांडले गेले. न्या. दावर यांनीं अर्ज नामंजूर केला, व कारणांची चर्चा करण्याचें टाळलें. मनुष्याची जागा बदलली म्हणजे कायद्याचा अर्थहि बदलतो असें म्हणून मोकळें होतां येईल. पण आम्हांस यांत व्यक्तीपेक्षां काळ अधिक दिसतो. १९०८ हें साल बाँबचें साल होतें. त्याच वर्षाच्या डिसेंबरांत सरकारनें १४ वा ॲक्ट करून असल्या खटल्यांसाठीं हायकोर्टाच्या तीन न्यायाधीशांचें खास पीठ, तेंहि ज्यूरीवांचून, अशी योजना केली.

त्या योजनेखालीं नाशिकचे लोक आले. २१ डिसेंबर १९०९ रोजीं रात्रीं विजयानंद नाटकगृहांत 'शारदा' नाटकाच्या प्रसंगीं अनंत लक्ष्मण कान्हेरे यांनीं कलेक्टर जॅक्सन यांस गोळ्या घालून ठार केलें. जॅक्सन हे संस्कृतज्ञ होते आणि मुंबई गॅझेटियरच्या इतिहासभागाशीं त्यांचा संबंध होता. आमच्यासारख्या जुन्या गोष्टींच्या छांदिष्टास त्यांच्या मरणाची हळहळ वाटल्यास तें गैर नव्हे. त्यांच्याच कारकीर्दींत गणेश दामोदर तथा बाबाराव सावरकर यांस कवितांच्या पुस्तिकेबद्दल १९०९ च्या जूनमध्यें जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली होती, आणि त्याचा हा सूड होता. खुनाच्या खटल्यांत सात जण उभे केले गेले. कान्हेरे, कृष्णाजी गोपाळ कर्वे व विनायक नारायण देशपांडे यांस १९ एप्रिल १९१० रोजीं ठाण्याच्या तुरुंगांत फांशीं दिलें. खून प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत झालेला. तो खटला चार महिन्यांच्या आंत निकालांत निघाला. त्याविषयीं येथें अधिक लिहिण्याचें कारण नाहीं.

आमचा विषय आहे तो दुसरा, कटाचा खटला. तपासाच्या ओघांत डिसेंबर १९०९ पासून पुढें नाशिक व इतर गांवांतून माणसें पकडलीं गेलीं. त्यांपैकीं अडतीस जण राजाविरुद्ध युद्ध पुकारण्याच्या कटाच्या आरोपावरून सर बेसिल स्कॉट, सर नारायण गणेश चंदावरकर व न्या. हीटन यांच्या खास पीठापुढें उभे केले. खटल्याची सुनावणी १५ सप्टेंबर १९१० रोजीं मुंबईंत सुरू झाली आणि निकाल डिसेंबरच्या अखेरीस लागला. म्हणजे जे आरंभीं पकडले गेले, त्यांचे सुनावणीपूर्वींच जवळजवळ नऊ महिने व निकालापर्यंत वर्ष अटकेंत गेलें. अडतीसांपैकीं सत्तावीस दोषी ठरले. विनायक दामोदर सावरकर यांस जन्मठेप काळें पाणी झालें, इतरांस कमीअधिक. निकालावर अपील नव्हतें.

उरले अकरा. ज्यांच्या माथीं कट शाबीत झाला नाहीं असे हे लोक. त्यांच्या नांवांस इतिहासाच्या पुस्तकांत जागा नाहीं, कारण इतिहास शिक्षा झालेल्यांची यादी करतो. निर्दोष ठरलेल्याचा खटल्यापूर्वींचा काळ कोणत्याहि हिशेबांत धरला जात नाहीं. तय्यबजींनीं जो धोका सांगितला तो नेमका हाच. शिक्षा झालेल्यांतहि एक उदाहरण पाहण्यासारखें आहे. सावरकर बंधूंतील धाकटे नारायणराव हे डिसेंबर १९०९ पासून अटकेंत होते. पीठानें त्यांस सहा महिन्यांची सक्तमजुरी दिली. शिक्षेपेक्षां खटल्यापूर्वींची व खटल्यांतली कैद दुप्पट झाली! बरें, ती कैद शिक्षेंतून वजा झाली असती तर ते निकालाच्या दिवशींच घरीं गेले असते. पण कच्च्या कैदेचे दिवस शिक्षेंत धरावे असें कलम त्या कायद्यांत नव्हतें. तें १९७३ च्या कायद्यांत ४२८ व्या कलमानें आलें. नारायणराव १९११ च्या जूनमध्यें बाहेर पडले. सहा महिन्यांची शिक्षा भोगून पुरी होईपर्यंत दीड वर्ष लोटलें.

सरकारची बाजू अगदींच पोकळ होती असें नव्हे. आरोपी पळेल ही भीति काल्पनिक नव्हती; स्वतः विनायकराव सावरकर यांनीं ८ जुलै १९१० रोजीं मार्सेय बंदरांत बोटींतून उडी टाकून ती खरी करून दाखविली. साक्षीदारांस धाक पडेल हाहि मुद्दा खुनाच्या प्रकरणांत हंसण्यावारीं नेण्यासारखा नाहीं. परंतु एकाच्या उडीचें उत्तर अडतीसांनीं कां द्यावें? ज्यांचें घर, शेत, शाळा, वृत्ति नाशिक-येवल्याच्या टापूंत, ज्यांचीं चार माणसें पेठेंत ओळखीचीं, असे संसारी लोकहि त्यांत होते. जुन्या पद्धतीनें प्रत्येकास वेगळें विचारलें असतें, तुझ्यासाठीं कोण उभा राहतो? कटाचा आरोप असा असतो कीं तो सर्वांस एका दोरींत ओंवतो. मग वेगळें विचारण्याची सोय राहत नाहीं. सांखळीजामिनाची ही उलटी आवृत्ति म्हणावी: तेथें प्रत्येक जण दुसऱ्यास सोडविण्यासाठीं बांधला जाई, येथें प्रत्येक जण दुसऱ्यामुळें अडकला. आणि लांबलेल्या अटकेंत कबुलीजबाब होतात, माफीचे साक्षीदार मिळतात, हें नाशिकच्या प्रकरणांतहि दिसून आलें. अटकेची लांबी आणि पुराव्याची निपज यांचा संबंध कौटिल्यास ठाऊक होता. त्याची तीन रात्रींची मर्यादा तपासाच्या सोयीसाठीं होती खरी, तथापि ती मर्यादा होती.

पुढील कथा थोडक्यांत सांगतां येते. १९२३ च्या दुरुस्तीनें ४९७ व्या कलमांतील सक्त प्रतिबंध देहांताच्या व जन्मठेपेच्या गुन्ह्यांपुरता मर्यादित झाला. नाशिकच्या आरोपींस तो बदल उपयोगी पडला नसता, कारण त्यांचा आरोप जन्मठेपेचाच होता. १९७३ च्या कायद्यानें तपास ठराविक मुदतींत पुरा न झाल्यास जामिनाचा हक्क दिला. १९७९ सालीं हुसैनारा खातून प्रकरणांत, बिहारच्या तुरुंगांत आरोपाच्या कमाल शिक्षेपेक्षांहि अधिक काळ पडून राहिलेले कच्चे कैदी सर्वोच्च न्यायालयापुढें आले. २००५ च्या दुरुस्तीनें, जी २००६ च्या जूनपासून अमलांत आली, कमाल शिक्षेचा निम्मा काळ कच्च्या कैदेंत काढलेल्यास, देहांताचे गुन्हे वगळून, सुटण्याचा मार्ग झाला. आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या ४७९ व्या कलमानें प्रथमच आरोपी झालेल्यासाठीं तो काळ एक-तृतीयांशावर आणला, मात्र देहांताबरोबर जन्मठेपेचे गुन्हेहि त्यांतून वगळले.

पण शास्त्राच्या ज्या मौनाचा वर उल्लेख केला, तें अजून संपलेलें नाहीं. आजच्या कोर्टांत जामीन राहणारास ऐपतीचा दाखला लागतो. तो कोण यापेक्षां त्याच्याजवळ काय, हें पाहिलें जातें. १९७८ सालीं मोतीराम नांवाच्या एका गवंड्यास मध्य प्रदेशांत दहा हजारांचा जामीन मागितला, आणि त्याचा भाऊ जामीन राहण्यास तयार असतां, भाऊ व त्याची मिळकत परजिल्ह्यांतली म्हणून मॅजिस्ट्रेटनें तो नाकारला. सर्वोच्च न्यायालयाच्या न्या. कृष्ण अय्यर यांनीं तो हुकूम फिरविला. जामीन मंजूर आहे पण जामीन राहणारा नाहीं, म्हणून आंत राहिलेला मनुष्य आणि कात्यायनाचा प्रतिभूहीन पक्षकार, हे दोघे एकमेकांस ओळखतील. मात्र कात्यायनाच्या मनुष्यास राखणदाराचें वेतन द्यावें लागे. आजच्याचा खर्च सरकार सोसतें, आणि कदाचित् म्हणूनच कोणास घाई नसते.

आतां संग्राहकांस एक विनंति. नाशिक, पंचवटी, त्र्यंबक, चांदोरी, चांदवड या बाजूच्या घरांतून अद्यापि न उलगडलेले रुमाल आहेत. त्यांत जामीनकतबे आढळल्यास ते सनदांच्या खालीं न टाकतां वेगळे काढावे. छापतांना केवळ सारांश देऊं नये. जामीन कोणाचा, कोण, त्यांचें नातें वा शेजार काय. हाजिर, माल कीं फेल. हजर करण्याची मुदत किती दिवसांची. न केल्यास काय भरावयाचें. मसाल्याची रकम चढविली आहे काय. आणि त्याच प्रकरणाचें निवाडपत्र जवळ सांपडतें काय, हें मुद्दाम पाहावें. कारण कतबा व निवाडा यांच्या तारखा एकत्र मिळाल्या म्हणजे मनुष्य आरोपाखालीं किती दिवस बाहेर होता, हें प्रथमच अंकांत मांडतां येईल. कालगणना बहुधा शुहूर सनाची असते. ती शकांत व इसवींत फिरवितांना महिना जपून पाहावा, कारण ज्येष्ठाच्या आसपास सन बदलतो व एका वर्षाची चूक सहज होते. तळाची निशाणी फिकट झाली असल्यास कागद उजेडाशीं तिरपा धरावा. शाई उडाली तरी बोरूचा ओरखडा पुष्कळदां शिल्लक असतो, आणि नांगराचा फाळ कोणत्या बाजूस वळला आहे तेंहि त्यांत दिसतें.